पिस्तोला पाणी का सुटतं?

प्रश्न : ताई, नमस्कार. माझी मुलगी दीड वर्षापासून माद्रिदला शिकते आहे. तिथली घरमालकीण पिस्तो नावाची एक भाजी करते आणि हिलाही वाटीभर देते. दिवाळीत घरी आल्यावर मुलगी म्हणाली, आई, ती भाजी एकदा कर ना. मी कांदा, शिमला मिरची, वांगं, टमाटर आणि झुकिनी मिळाली नाही म्हणून लवकी (दुधी), असं सगळं चिरलं, लोखंडी कढईत एकदमच घातलं आणि झाकण ठेवून शिजवलं. त्याचा रस्साच झाला. रंग काळपट, चव आंबट, वांग्याचा लगदा. शेवटी वरून मोहरी-जिऱ्याची फोडणी दिली, तिखट घातलं, सांभार (कोथिंबीर) पेरला. मुलगी म्हणाली, "भाजी छान आहे, पण पिस्तो नाही." ती जानेवारीत परत जाते आहे. त्याआधी मला एकदा नीट करून तिला वाढायचं आहे.
एक वाचक, त्रिमूर्तीनगर, नागपूर

उत्तर : तुमच्या पत्रातल्या दोन शब्दांपाशी मी थांबले. 'एकदमच' आणि 'झाकण'. पाणी तिथेच सुटलं.

पिस्तो ही ला मांचाची भाजी. माद्रिदच्या दक्षिणेला पसरलेलं हे कोरडं पठार, आणि तिथला उन्हाळा नागपूरकराला परका वाटणार नाही असा. त्या दिवसांत मळ्यात जे उतरतं तेच यात पडतं : कांदा, हिरवी-लाल शिमला मिरची, झुकिनी, टमाटर. काही घरांत वांगं घालतात, काही घरांत नाही. बाकी फक्त ऑलिव्ह तेल आणि मीठ. मसाल्याचा डबा उघडायचाच नाही, म्हणून सगळी भिस्त परतण्यावर. आणि पाण्यात परतणं होत नाही. पाचही भाज्या एका वेळी कढईत गेल्या की टमाटर आणि लवकी आधी पाणी सोडतात. ते पाणी आटत नाही तोवर कढईतली उष्णता शंभर अंशांच्या पुढे सरकत नाही, म्हणजे भाजी नुसती उकडत राहते. त्यातून झाकण, मग वाफेचं पाणीही परत आतच. शिवाय टमाटरच्या आंबटपणात भाज्या लवकर मऊ होत नाहीत. आलूच्या भाजीत टमाटर आधी पडलं की आलू कच्चट राहतात, हे आपण सगळ्यांनीच पाहिलेलं आहे. मिरची शिजायची वाट बघता बघता तुमच्या वांग्याचा लगदा झाला.

काळा रंग लोखंडी कढईने दिला. टमाटरचा आंबटपणा आणि वांग्याचा तुरटपणा लोखंडाला लागला की रंग काळवंडतोच. कढईत काही खराबी नाही, ती भाकरीसोबतच्या झुणक्याला ठेवा. पिस्तोला जाड बुडाची स्टीलची कढई घ्या, आणि पसरट घ्या, म्हणजे वाफ निघून जाईल.

मला हे शिकवलं ते आमच्या वरच्या मजल्यावर तीन वर्षं भाड्याने राहिलेल्या एका स्पॅनिश बाईंनी. त्यांचं माहेर ला मांचातलंच, सिउदाद रेआलजवळचं. त्यांनी भाज्यांची नावं सांगितली तेव्हा मीही सगळं कुकरला लावलं, एक शिट्टी केली आणि वाटी वर नेऊन दिली. त्यांनी मनापासून आभार मानले. पुढच्या रविवारी सकाळी मात्र त्या स्वतः पिशवी घेऊन आमच्या स्वयंपाकघरात आल्या. सव्वा तास लागला. बोलल्या थोडंच, पण प्रत्येक भाजी चमच्यात उचलून मला दाखवली. कांदा दाखवला तेव्हा तो काचेसारखा होऊन कडेने मधासारखा पिवळा पडला होता, लाल डाग एकही नाही. टमाटर आटत आलं तेव्हा त्यांनी उलथन्याने कढईच्या मधोमध एक रेघ ओढली. रेघ लगेच मिटली. त्यांनी मानेनेच नाही म्हटलं. पाच मिनिटांनी पुन्हा ओढली. या वेळी बुडाचं स्टील दिसलं आणि दिसतच राहिलं, कडेला तेल सुटलेलं. मग त्या हसल्या आणि गॅस बारीक केला. ती रेघ मी आजही ओढते. घड्याळापेक्षा तिच्यावर माझा विश्वास जास्त आहे.

आता चार माणसांचं माप. कांदे २ मध्यम, हिरव्या शिमला मिरच्या २, लाल १ (गोकुळपेठ मार्केटमध्ये बहुतेक मिळते), कोवळी लवकी ३०० ग्रॅम, वांगी पाव किलो, पिकलेले टमाटर पाऊण किलो, लसणाच्या ३ पाकळ्या, पोह्याच्या चमच्याने १० ते १२ चमचे तेल. हे तेल जास्त वाटेल. कमी करू नका, वांगं कोरडं परतलं की चामड्यासारखं लागतं.

लवकी घेतली हे बरोबरच केलं. झुकिनीची जागा ती घेते, फक्त इतकी कोवळी हवी की नख सहज रुतेल. बिया धरल्या असतील तर मधला गर काढून टाका. दोडकाही चालतो, पण त्याचा गोडसर वास वर येतो, म्हणून मी लवकीच घेते. लवकी आणि वांग्याच्या बोटाच्या पेराएवढ्या फोडी करा, वेगवेगळ्या चाळण्यांत घालून मीठ चोळा आणि अर्धा तास ठेवा. खाली वाटीभर पाणी जमेल, तेच पाणी त्या दिवशी तुमच्या कढईत होतं. वांग्याच्या आतला गर स्पंजासारखा पोकळ असतो. मिठाने तो बसतो, मग वांगं तेलही कमी पितं. फोडी धुऊ नका, कपड्यात दाबून कोरड्या करा आणि पुढे मीठ घालताना हात आखडता ठेवा.

टमाटर चिरायचे नाहीत. आडवे अर्धे कापा आणि कापलेली बाजू खिसणीवर घासा. गर खाली पडतो, साल हातात राहते. स्पेनमध्ये घरोघर असंच करतात. गावरान टमाटर रसाळ पण आंबट असतात, ते घेतले तर अर्धा चमचा साखर घाला. लांबट, घट्ट टमाटरला बहुधा लागत नाही.

कढईत ४ चमचे तेल घ्या. ते तापलं की कांदा चिमूटभर मिठासोबत मंद आचेवर १५ मिनिटं परता. मग लसूण आणि शिमला मिरची घाला, आणखी १२ मिनिटं, मिरचीची साल सैल होऊन सुरकुतेपर्यंत. हे सगळं एका गंजात काढून ठेवा. त्याच कढईत थोडं तेल घालून मोठ्या आचेवर लवकी, कडा बदामी होईपर्यंत. काढा. पुन्हा तेल, वांगं, तसंच. काढा. आता रिकाम्या कढईत उरलेलं तेल आणि टमाटरचा गर. बुडाला चिकटलेलं सगळं त्यात सुटून येईल. २० ते २५ मिनिटं, झाकण न ठेवता. रेघ टिकली की गंजातलं सगळं परत घाला आणि मंद आचेवर १० मिनिटं राहू द्या. शेवटी ढवळताना हात हलका ठेवा, फोड ओळखू आली पाहिजे.

फोडणी नको, हळद नको, सांभारही नको. सावजीच्या तर्रीवर वाढलेल्या माणसाला पहिल्या घासाला हे अळणी वाटेल, मला वाटलं होतं. दुसऱ्या घासाला मिरचीचा गोडवा कळतो. अगदीच राहवलं नाही तर तिखट ताटात वरून घ्या, कढईत नको. तिकडे याच्यावर तळलेलं अंडं ठेवतात आणि पावाने पुसून खातात. आपल्याकडे ज्वारीच्या गरम भाकरीसोबत फार सुंदर लागतं. शक्य असेल तर आदल्या संध्याकाळी करून फ्रिजमध्ये ठेवा आणि दुसऱ्या दिवशी कोमट करून वाढा, तोवर चव मुरलेली असते. मुलीला वाढाल त्या दिवशी तिला एकदा ती रेघ ओढायला सांगा.

प्रश्न : ऑलिव्ह तेल गरम केलं की विषारी होतं, ते फक्त सॅलडवर घालायचं असतं, असं ऐकलं. खरं आहे का?
एक वाचक, मनीषनगर, नागपूर

उत्तर : नाही. स्पेन हा जगातला सर्वांत मोठा ऑलिव्ह तेल उत्पादक देश आहे आणि तिथल्या घरांत रोजचं परतणं-तळणं याच तेलात होतं. एक्स्ट्रा व्हर्जिन, म्हणजे फळं नुसती पिळून काढलेल्या, रिफाइंड न केलेल्या तेलातून साधारण १९० अंशांच्या पुढे धूर यायला लागतो. मंद आचेवर कांदा परतताना आपण तिथवर जात नाही. धूर निघेपर्यंत तापवायचं नाही, हे तर कुठल्याही तेलाला लागू आहे. बाटलीवर 'पोमेस' लिहिलं असेल तर ते तेल पिळून उरलेल्या चोथ्यातून काढून रिफाइंड केलेलं असतं. त्यात ऑलिव्हची चव नसते, म्हणून त्यासाठी जास्त पैसे मोजू नका. त्यापेक्षा घरच्या सूर्यफुलाच्या किंवा करडीच्या तेलात भाजी करा आणि गॅस बंद केल्यावर एक्स्ट्रा व्हर्जिनचे दोन चमचे कच्चे घाला. बाटली गडद काचेची घ्या, लहान घ्या आणि ओट्यापासून लांब, अंधाऱ्या कपाटात ठेवा. नागपूरच्या मे महिन्यात गॅसशेजारची बाटली लवकर खवट होते.

प्रश्न : थंडीत आमच्या शेतावर पराटीच्या जाळावर भरीत होतं. स्पेनमध्ये वांग्याचं असं काही करतात का?
एक वाचक, काटोल

उत्तर : करतात, आणि हा प्रश्न वाचून मला फार आनंद झाला. स्पेनच्या ईशान्येकडच्या कॅटलोनिया प्रांतात त्याला एस्कालिवादा म्हणतात. तिथल्या कॅटलान भाषेत 'एस्कालिवार' म्हणजे निखाऱ्यात भाजणं. वांगं तिकडे गेलं ते आपल्याच बाजूने, अरबांच्या हातून. स्पॅनिश 'बेरेनखेना' हा शब्द अरबी 'बादिंजान'वरून आला, तो फारसीतून, आणि फारसीतला मुळात आपल्याकडच्या 'वातिंगण'वरून. शिमला मिरची आणि टमाटर मात्र १४९२ नंतर अमेरिकेतून स्पेनला पोचले. म्हणजे वांगं तिथे त्यांच्या कितीतरी आधीपासून होतं.

फरक असा की एस्कालिवादा कुटत नाहीत. वांगी, लाल शिमला मिरच्या आणि सालीसकट कांदे, सगळं साल काळी पडेपर्यंत भाजायचं. मिरच्या लगेच गंजात घालून १० मिनिटं झाकायच्या, वाफेने साल सुटते. साल बोटांनी ओढून काढायची, नळाखाली धरायचं नाही, नाहीतर धुराचा वास पाण्यासोबत जातो. मग हातानेच लांब पट्ट्या फाडायच्या, ताटात शेजारी-शेजारी मांडायच्या आणि मीठ, ऑलिव्ह तेल, हवा तर बारीक चिरलेला लसूण घालायचा. गंजात मिरचीचा जो रस जमतो तो फेकायचा नाही, तोही वरून ओतायचा. तुमच्याकडे जाळ होतोच आहे, तर पुढच्या वेळी भरताची वांगी निघाली की उरलेल्या निखाऱ्यात चार लाल मिरच्या आणि दोन कांदे सोडा.