प्रलयाची आशा आणि फलाणा राजा

एका वाचक ताईंचा प्रश्न: "पोर्तुगालच्या इतिहासावरचा एक लेख मराठीत आणते आहे. त्यात सोळाव्या-सतराव्या शतकातल्या लोकांच्या 'अपोकॅलिप्टिक' आशांचा उल्लेख सारखा येतो. 'प्रलयाच्या आशा' कानाला खटकतं. दुसरा शब्द सुचवाल का?"

खटकायलाच हवं. प्रलयाची आशा कोण धरतो हो? पण आपल्याकडे दोन तास पाऊस पडून रस्ते तुंबले की वाहिन्यांवर लगेच 'अपोकॅलिप्स', खाली पट्टीत कंसात 'महाप्रलय'. माझ्या टेबलावरच्या इंग्रजी-मराठी कोशानेही पहिला अर्थ 'प्रलय' असाच दिलाय. चूक आहे, आणि आळसाची चूक आहे.

प्रलय म्हणजे विरघळणं, लय पावणं, आणि त्यानंतर पुन्हा पहिल्यापासून सृष्टी. ग्रीक 'अपोकालुप्सिस'चा अर्थ आहे झाकण काढणं. 'कालुप्तो' म्हणजे मी झाकतो आणि 'अपो' म्हणजे आपलाच 'अप', दूर सारणारा. नाशाचा वासही या शब्दात नाही. बायबलातल्या शेवटच्या पुस्तकाचा हा पहिलाच शब्द, आणि मराठी बायबलात त्या पुस्तकाचं नाव आहे 'प्रकटीकरण'. भाषांतरकारांनी काम चोख केलं होतं, बिघडवलं ते नंतरच्यांनी. त्या पुस्तकात पीडा भरपूर आहेत हे खरं, पण शेवटाला नवं आकाश आणि नवी पृथ्वी आहे. लोक आशा धरत होते ती त्याची.

मध्यंतरी एक फॉरवर्ड फिरत होता: म्हणे 'अपोकॅलिप्स' हा मुळात संस्कृत 'अप-काल-लिप्सा', वाईट काळाची हाव! यातला 'अप' तेवढा बरोबर, तोही घुणाक्षरन्यायाने. संस्कृतशी नातंच जोडायचं असेल तर ईशोपनिषद उघडा. सोन्याच्या पात्राने सत्याचं मुख झाकलंय, पूषन्, ते 'अपावृणु', बाजूला सार. अर्थाने इतका जवळचा शब्द दुसरा नाही. असो.

आता पोर्तुगाल. तिथे गंमत अशी की झाकण काढण्याची वाट पाहणाऱ्यांनी आपल्या राजाचं नावच ठेवलं होतं 'एन्कोबेर्तो', म्हणजे झाकलेला. (इंग्रजांचं 'कव्हर' त्याच लॅटिन क्रियापदातून आलंय, तेव्हा शाळेच्या वह्यांना आपण जे घालत आलो ते याच घराण्यातलं.) हे बिरुद मूळचं त्यांचं नव्हे. स्पेनमध्ये वालेन्सियाच्या बंडात १५२२ साली एकाने 'एन्कुबिएर्तो' म्हणून स्वतःला मिरवलं आणि तो त्याच वर्षी मारला गेला. पोर्तुगालमध्ये हा शब्द चिकटला तो राजा सेबास्तियांवला. बाप वारल्यावर अठरा दिवसांनी जन्मलेला, गादीला दुसरा वारस नाही, म्हणून जन्माआधीच त्याला 'देझेजादो' म्हणत. आपण 'नवसाचा' म्हणू. तीन वर्षांचा असताना राजा झाला, आणि ४ ऑगस्ट १५७८ रोजी मोरोक्कोत अल्कासर किबीरच्या लढाईत चोविसाव्या वर्षी गेला. पण मेलेला कोणी पाहिलाय, असं म्हणणारे निघालेच. दोन वर्षांत देश स्पेनच्या राजाकडे गेला (गोवाही त्यातच गेला) आणि १६४०पर्यंत तसाच राहिला. मग सेबास्तियांव लपलाय, तो परत येईल आणि बायबलातल्या भाकितातलं, चार साम्राज्यांनंतरचं शेवटचं, पाचवं साम्राज्य उभारील, ही आस धरण्यावाचून लोकांच्या हाती राहिलं काय? लिस्बनजवळ बेलेंच्या मठात संगमरवरी हत्तींवर त्याची कबर आहे. तिच्यावरच्या लॅटिन लेखात तो इथे पुरला आहे असं म्हणताना मध्येच एक फोडणी आहे: 'सि वेरा एस्त फामा', लोक म्हणतात ते खरं असेल तर! कबरीवर 'म्हणे' कोरलेलं मी दुसरीकडे वाचलेलं नाही.

पण मला सांगायचंय ते वेगळंच. या साऱ्या आशेचं पाठ्यपुस्तक म्हणजे त्रांकोसो गावच्या बांदार्रा नावाच्या मोच्याची कवनं, तीही सेबास्तियांव जन्मायच्या आधीची. १५४१ साली इन्क्विझिशनने, म्हणजे चर्चच्या धर्मन्यायालयाने, त्याला समज दिली की जोडे शीव, बायबलचा अर्थ सांगत बसू नकोस. त्या कवनांत येणाऱ्या राजपुत्राचं नाव दिलंय: 'दों फुआंव'. १६०३ साली पॅरिसमध्ये ती सटीप छापणाऱ्या दों जुआंव द कास्त्रोने असंच दिलंय. (दीवच्या तटबंदीच्या कर्जासाठी गोवेकरांकडे दाढीचे केस गहाण टाकणारा तो व्हाइसरॉय आठवतो? त्याचा हा नातू.) आणि हा 'फुआंव' कोण? अरबी 'फुलान'. पोर्तुगीज भाषा दोन स्वरांमधला 'ल' गिळते आणि 'न' नाकात घालवते, म्हणून फुलानचा फुआंव झाला. तोच फुलान फारसीच्या घोड्यावर बसून आपल्याकडे आला आणि 'फलाणा' झाला. म्हणजे जगाच्या अंतापूर्वी अवतरणाऱ्या त्या महाप्रतापी राजाचं नाव चक्क 'श्रीमंत फलाणे'! 'फलाणा' हा हिंदी शब्द म्हणून लेखातून काढून टाकणाऱ्या शुद्धिप्रेमींना हे वाचून दाखवा.

१६४० साली पोर्तुगाल सुटला, गादीवर बसला दों जुआंव चौथा, आणि फ्रान्समधल्या नान्त गावी १६४४ साली निघालेल्या कवनांच्या आवृत्तीत फुआंवचा 'जुआंव' झाला. जुन्या वळणात 'जे'च्या जागी 'आय' लिहीत. मोठा 'आय' आणि मोठा 'एफ' यांत फरक किती, तर आडव्या रेघेचा. अंतोनियो व्हिएरा या जेझुइट पाद्र्याने तर कमाल केली. हा जुआंव १६५६ साली वारल्यावर १६५९ साली त्याने पत्र लिहिलं: बांदार्रा खरा संदेष्टा, त्याने सांगितलेली कामं राजाच्या हातून अजून व्हायची आहेत, म्हणून राजा मेलेल्यांतून उठणार. इन्क्विझिशनने त्याला १६६५ ते १६६७ डांबून ठेवलं.

फुआंव ही नकलनविसाची चूक, मुळात जुआंवच, असं म्हणणाऱ्यांचं मला पटत नाही. झाकलेल्या राजाचं नावही झाकलेलंच असणार, उघडं लिहायला बांदार्रा काय खुळा होता? आणि आता माझा खास पतंग, हसलात तरी चालेल. बायबलात विधवा रूथच्या गोष्टीत तिच्या सासरचा बवाज वेशीपाशी तिच्या अधिक जवळच्या एका आप्ताला हाक मारतो, 'पेलोनी अल्मोनी', म्हणजे अमक्या-तमक्या. हा हिब्रू 'पेलोनी' म्हणजे अरबी फुलानचाच भाऊबंद, आणि स्पॅनिश भाषांतरात तिथे आजही 'फुलानो' आहे. तो फलाणा रूथला पत्करत नाही, हक्क सोडल्याची साक्ष म्हणून पायातली वहाण काढून देतो, मग बवाज तिच्याशी लग्न करतो, आणि त्या वंशात दावीद, म्हणजे मसीहाचं कूळ! बांदार्राने उसन्या बायबलाची वर्षानुवर्षं पारायणं केली होती, नवख्रिस्ती झालेले ज्यू त्याच्याकडे अर्थ विचारायला येत. फलाणा, वहाण आणि जोडे शिवणारा कवी! एकाही पोर्तुगीज पंडिताने हे लिहिलेलं माझ्या वाचनात नाही. त्यांना वहाण दिसली नाही, मी काय करू?

हां, तुमचा शब्द. पुस्तकाचं नाव असेल तिथे 'प्रकटीकरण'. आशांसाठी 'युगान्ताची आस' लिहा. 'आशा' नको, 'आस' हवी, कारण ती लागते आणि मग सुटत नाही. 'एन्कोबेर्तो'ला 'अज्ञात राजा' करू नका, तो कोण हे सगळ्यांना ठाऊक होतं, 'झाकला राजा' चालेल. आणि मूळ लेखात कुठे फुआंव भेटला, तर तळटीप नको. सरळ फलाणा लिहा.