ॲलम बेचे उभे रंगीत थर
प्रश्न : इंग्लंडमधील आइल ऑफ वाइट बेटावरच्या ॲलम बे येथे कड्यातील रंगीत पट्टे उभे का दिसतात? तिथे जीवाश्म मिळतात का?

उत्तर : हे थर सुमारे ५.५ ते ४ कोटी वर्षांपूर्वी, समुद्र पुढे-मागे सरकत असताना आडवेच साचले. पुढे आल्प्स पर्वत घडवणाऱ्या हालचालींच्या दाबाने ते खालच्या पांढऱ्या चॉकसह (मऊ चुनखडीसह) वाकून जवळजवळ उभे राहिले, त्यामुळे किनाऱ्याने उत्तरेकडे चालताना आपण जुन्या थरांकडून नव्या थरांकडे जातो. लाल-पिवळे रंग लोहाच्या संयुगांचे आहेत. जीवाश्मांत मला सर्वांत मोलाची वाटतात ती फिकट चिकणमातीत बारीक शिरांसकट उमटलेली, उबदार हवामानातील वनस्पतींची पाने. त्याहून नव्या बार्टन चिकणमातीत शंखशिंपले आणि नाण्यासारखे गोल-चपटे, पण अगदी चिमुकले न्युम्युलाइट (एकपेशीय समुद्री जीवांची कवचे) आढळतात.