फिनिश लोकांवरचे विनोद ऐकून फिनलंडला यायचं का? एका पत्राला उत्तर

तुमचं पत्र सावकाश दोनदा वाचलं. हेलसिंकीला लागून असलेल्या एस्पो शहरात तुम्हाला सॉफ्टवेअरमधली नोकरी मिळते आहे, यजमान पुण्यातली नोकरी सोडून सोबत येणार आहेत आणि मुलगी पाच वर्षांची आहे. फिनिश लोकांवर विनोद करणाऱ्या रोमान शात्झ या लेखकाच्या मुलाखती बघताना आधी पोट धरून हसलात आणि मग रात्री झोप लागली नाही, असं तुम्ही लिहिलंय. माणसं खरोखरच इतकी अबोल असतील तर आपलं तिथे कसं व्हायचं, हा तुमचा प्रश्न. माझं उत्तर आधीच सांगते: जरूर या. फक्त त्या विनोदांवरून फिनलंडचा अंदाज बांधताना, विनोद करणारा माणूस तिथवर कसा पोहोचला तेही बघा. तुमच्या उपयोगाचं खरं त्यातच आहे.

शात्झ जन्माने जर्मन. १९८६ पासून तो फिनलंडमध्ये राहतो, पुस्तकं लिहितो आणि यूले या सार्वजनिक प्रसारण संस्थेच्या रेडिओवरून वर्षानुवर्षं लोकांशी बोलत आलाय. त्याच्याही आधी नील हार्डविक नावाचा एक इंग्रज इथे येऊन स्थायिक झाला. गावाकडच्या पेट्रोल पंपावर राहणाऱ्या कुटुंबावरची ‘टांक्की तॅय्तेन’ ही मालिका त्याने १९७८ मध्ये एका फिनिश सहलेखकासोबत आणली. इथल्या ज्येष्ठांना तिच्यातले संवाद अजून तोंडपाठ आहेत. एका परक्या माणसाने आपल्याकडे इतकं नीट पाहिलं, याचं या लोकांना अप्रूप वाटतं, रागबिग येत नाही. परदेशी माणूस भेटला की त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: फिनलंड कसं वाटलं? उत्तर ते मनापासून ऐकतात. पण शात्झ काय, हार्डविक काय, दोघांनी फिनिश लोकांना हसवलं ते फिनिश भाषेत. तुम्ही पाहिलेल्या मुलाखती इंग्रजीत होत्या, म्हणून हे तुमच्या लक्षात आलं नसेल.

आता अबोलपणाबद्दल. बाहेर शेजाऱ्याची चाहूल लागली की तो लिफ्टमधून उतरून जाईपर्यंत दाराआड थांबणारी माणसं इथे खरंच आहेत. बसथांब्यावर दोघांमध्ये दोन माणसं सहज मावतील एवढं अंतर असतं, बस अर्धी रिकामी असली तर कुणी शेजारी येऊन बसत नाही. हे सगळं खरं. पण यामागे तिरस्कार नसतो. समोरच्याच्या वेळेत आणि विचारांत आपण घुसू नये, हा इथला शिष्टाचार लहानपणापासून अंगी मुरलेला असतो. आपल्याकडे एकाचं वाक्य दुसऱ्याने पुरं करणं हे आपुलकीचं लक्षण. इथे वाक्य संपल्यावरही क्षणभर थांबतात, कारण बोलणाऱ्याला आणखी काही म्हणायचं असेल. मीटिंगमध्ये तुमचं बोलणं झाल्यावर सगळे गप्प राहिले तर घाबरू नका आणि ती शांतता भरून काढायला पुन्हा बोलायलाही लागू नका. उत्तर येतं, विचार करून येतं आणि आलं की त्यावर विसंबून राहता येतं. ‘बघू, करू’ असं मोघम इथे कुणी म्हणत नाही. तुम्ही ‘एकदा जेवायला या’ म्हणालात तर लोक कॅलेंडर उघडून तारीख विचारतात. म्हणून बोलवायचं असेल तेव्हाच बोलवा.

वरिष्ठांना थेट पहिल्या नावाने हाक मारायची, मुलगी तिच्या शिक्षिकेलाही नावानेच हाक मारेल. सुरुवातीला जीभ अडखळते, मग सवय होते.

ओळखी कुठे होतात, हे मात्र नीट समजून घ्या, कारण विनोदी कार्यक्रमांत ते क्वचितच सांगितलं जातं. पहिली जागा ऑफिसातली कॉफीची सुटी. दरडोई कॉफी पिण्यात हा देश जगात अगदी वरच्या क्रमांकांत आहे आणि कितीतरी कामगार करारांत कॉफीची सुटी लिहूनच दिलेली असते. आपली भारतीय मंडळी पुष्कळदा कप घेऊन परत स्क्रीनसमोर बसतात. तसं करू नका. चहा घ्या, पाणी घ्या, पण त्या टेबलाशी बसा, रोज बसा, बोलायला काही नसलं तरी बसा. काही महिन्यांनी तिथलंच कुणीतरी तुम्हाला जंगलात ब्लूबेरी वेचायला घेऊन जाईल. रान कुणाच्याही मालकीचं असो, त्यातली फळं आणि अळंबी वेचायचा हक्क इथे सगळ्यांना आहे.

दुसरी जागा तुमच्या इमारतीचं अंगण. वसंतात सोसायटीचे रहिवासी एक दिवस ठरवून दाताळी आणि झाडू घेऊन उतरतात, वर्षभराचा पालापाचोळा काढतात, मग सॉसेज भाजतात आणि कॉफी पितात. या श्रमदानाला ते ‘तालकोत’ म्हणतात. सूचना जिन्यातल्या फलकावर फिनिशमध्ये लागते, त्यामुळे नव्या माणसाच्या नजरेतून सुटते. फोनवर भाषांतर करून वाचा आणि तिघंही जा. सॉसेज खायलाच हवं असं नाही, शाकाहारीही मिळतं. जे शेजारी हिवाळाभर मान खाली घालून गेले, ते हातात काम असलं की किती मोकळे होतात ते तिथे दिसतं. गप्पांसाठी गप्पा त्यांना अवघड जातात, काम करता करता बोलणं सोपं.

तिसरी जागा सौना, म्हणजे वाफेने तापवलेली स्नानाची खोली. या देशाची लोकसंख्या साधारण ५५ लाख आणि सौना तीस लाखांच्या घरात. २०२० साली युनेस्कोने फिनिश सौना संस्कृतीला अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं. परदेशी विनोदवीरांचा हा सर्वांत लाडका विषय, कारण आत कपडे नसतात. तुम्ही पत्रात या गोष्टीला हात लावलेला नाही, पण मनात असणारच, म्हणून स्पष्ट सांगते. सार्वजनिक सौनात बहुधा स्त्रिया आणि पुरुष वेगळे असतात, जिथे एकत्र असतात तिथे पोहण्याचा पोशाख घालतात. टॉवेल गुंडाळून बसलात तर कुणी काही म्हणत नाही आणि नको म्हणालात तरी कुणी रुसत नाही. पण एखाद्या सहकारी मैत्रिणीने तळ्याकाठच्या घरी सौनाला बोलावलं तर शक्य असेल तर जा. तिने तुम्हाला आपलं मानल्याची ती खूण आहे. एरवी चार शब्द न बोलणाऱ्या बायका त्या उबेत आईच्या आजारपणाबद्दल, घटस्फोटाबद्दल, पोराच्या काळजीबद्दल बोलतात. या देशावरचं माझं प्रेम तिथूनच सुरू झालं.

आणखी एक विनोद तुम्ही ऐकला असेलच: ६ डिसेंबरला, स्वातंत्र्यदिनी, अख्खा देश टीव्हीसमोर बसून राष्ट्राध्यक्ष पाहुण्यांशी हात मिळवताना तासन्‌तास बघतो. बाहेरच्याला हे मजेशीर वाटणारच. पण परंपरेने सर्वांत आधी आत येतात ते युद्धातले वयोवृद्ध सैनिक आणि परिचारिका. ३० नोव्हेंबर १९३९ ला सोव्हिएत फौजा या देशात शिरल्या तेव्हाची ही पिढी, आणि दरवर्षी त्यांची संख्या घटते आहे. त्या संध्याकाळी खिडक्यांत दोन-दोन मेणबत्त्या लावतात. पहिल्याच वर्षी कुणा फिनिश कुटुंबासोबत बसून हा कार्यक्रम बघा, ती म्हातारी माणसं आत येतात तेव्हा घरात काय होतं ते पाहा. तो विनोद तुम्हाला पुढेही आवडेल, पण वेगळ्या तऱ्हेने.

आता विनोदांनी न सांगितलेलं. हे तुमच्यापेक्षा यजमानांसाठी जास्त महत्त्वाचं. शात्झ किंवा हार्डविक पश्चिम युरोपातून आले, आपण तसे नाही. हेलसिंकी विद्यापीठातले संशोधक अखलाक अहमद यांनी नोकरीच्या १,००० जाहिरातींना ५,००० काल्पनिक अर्ज पाठवले होते. शिक्षण फिनलंडमधलं, भाषा उत्तम, अनुभव सारखा, फरक फक्त नावाचा. फिनिश नावांना ३९० ठिकाणांहून बोलावणं आलं, इंग्रजी नावांना २६९, रशियन नावांना २२८, इराकी नावांना १३४ आणि सोमाली नावांना ९९. भारतीय नावं त्या प्रयोगात नव्हती, पण वारं कुठल्या दिशेचं आहे ते कळतं. शिवाय सध्या इथली बेरोजगारी युरोपातल्या सर्वाधिक दरांपैकी आहे. कुटुंबाच्या नात्याने मिळणाऱ्या निवास परवान्यावर आलेल्या जोडीदाराला काम करायची पूर्ण मुभा असते, पण मुभा असणं आणि काम मिळणं यांत मोठं अंतर आहे. म्हणून तुमच्या एका पगारात किमान वर्षभर घर चालेल का, याचा हिशेब पुण्यातच मांडा. यजमानांना सध्याच्या कंपनीत बिनपगारी रजा मिळत असेल तर आधी ती घ्यावी, राजीनामा नंतर.

परवान्याचे नियमही कडक झालेत. जून २०२५ पासून, नोकरीवर आधारलेल्या परवान्यावर असताना नोकरी गेली तर दुसरी शोधायला ३ महिने मिळतात. तज्ज्ञांना आणि दोन वर्षांहून जास्त काळ असा परवाना असलेल्यांना ६ महिने. नागरिकत्वासाठी लागणारा वास्तव्याचा काळ ऑक्टोबर २०२४ पासून ५ वर्षांवरून ८ वर्षं झाला. निघण्याआधी मिग्री या स्थलांतर विभागाच्या संकेतस्थळावर सगळं पुन्हा वाचा.

मग राहते भाषा. एस्पोत इंग्रजीवर नोकरी होते, बाजारहाट होतो, दवाखान्यातही निभावतं. म्हणूनच बरेच जण दहा-दहा वर्षं फिनिशशिवाय काढतात आणि मग इथले लोक आपल्याला जवळ करत नाहीत म्हणून खंतावतात. मला ही तक्रार पटत नाही. पाच जण एका टेबलाशी तुमच्यासाठी इंग्रजीत बोलत असतील, तर ते सौजन्य दाखवत आहेत, गप्पा मारत नाहीत. गप्पा त्यांच्या भाषेतच होतात आणि विनोद तर तिथेच. इराणमध्ये जन्मलेला अली जहांगिरी इथल्या रंगमंचावर उभा राहून फिनिश लोकांना त्यांच्याच सवयींवर हसवतो आणि ती माणसं त्याला आपला मानतात. यजमानांनी तर पहिल्या महिन्यापासून भाषावर्गच आपली नोकरी समजावी. वाचनालयांत भाषा-कॅफे भरतात, तिथे चुकतमाकत बोललेलं चालतं. यूले सोप्या फिनिशमध्ये बातम्या देते, त्या रोज ऐका. नागरिकत्वासाठी वायकेआय (YKI) या भाषापरीक्षेची तिसरी पातळी लागते, कसून मेहनत केली तर ती गाठता येते.

मुलीची काळजी सर्वांत कमी करा. सहाव्या वर्षी तिचं पूर्वप्राथमिक वर्ष सुरू होईल, सातव्या वर्षी शाळा. १९४८ पासून इथल्या शाळांत दुपारचं जेवण सर्वांना मोफत आहे. पाऊस असो वा बर्फ, मुलांना रोज बाहेर खेळायला नेतात, त्यामुळे बर्फात घालायचा चांगला अंगरखा आणि रबरी पावसाळी कपडे इथे आल्यावरच घ्या, पुण्यातून जाड स्वेटर भरून आणू नका. जुने कपडे विकणाऱ्या दुकानांत ते उत्तम आणि स्वस्त मिळतात. फिनिश ती तुमच्या आधी बोलायला लागेल. घरात मराठीच बोलत राहा.

डिसेंबरात हेलसिंकी परिसरात सहा तासांहूनही कमी उजेड असतो. ड जीवनसत्त्व घ्या, अंधारात चालताना कोटाला चमकणारी परावर्तक पट्टी लावा, ती कायद्यानेही लागते. म्हणूनच यायचा महिना निवडता येत असेल तर जुलैअखेर किंवा ऑगस्ट निवडा. लख्ख उजेड असतो, ऑगस्टच्या मध्याला शाळा उघडतात, वर्ग नवे असतात, रानात फळं असतात, आणि अंधार हळूहळू वाढतो. पाळणाघराचा अर्ज मूल तिथे जायला लागण्याच्या चार महिने आधी करावा लागतो. नोकरी अचानक मिळाली असेल तर दोन आठवडेही पुरतात, पण मग घराजवळची जागा मिळेलच असं नाही. तेव्हा नोकरीचं पत्र हातात पडलं की घराच्या आधी पाळणाघराची चौकशी करा.