नंदुरबारच्या वनहक्क लढ्यावर माहितीपट करायचाय, सुरुवात कुठून करू?

ग्रामसभेपासून. २००६ च्या वनहक्क कायद्यात कसत असलेल्या वनजमिनीचा दावा आधी गावाच्या वनहक्क समितीकडे येतो, मग उपविभागीय आणि जिल्हा समितीकडे. अक्राणी-अक्कलकुवा तालुक्यांतल्या एखाद्या दाव्याची फाईल कुठे अडली ते शोधा, गोष्ट तिथेच आहे. मोर्चे सगळेच टिपतात. पण शेताची मोजणी आणि कायद्याने पुरावा मानलेला म्हाताऱ्यांचा जबाब? तो अख्खा टिपा, मध्ये कापू नका. पावरी-भिली या तिथल्या आदिवासी बोलींवर मराठी आवाज चढवू नका, खाली मराठी ओळी द्या.

सत्तरच्या दशकात शहाद्यात अंबरसिंग महाराज सुरतवंती यांनी आदिवासींच्या हातून गेलेल्या जमिनींसाठी उभी केलेली चळवळही हवीच, नाहीतर लढा कालपरवाचा वाटेल.

आणि कच्चं संकलन आधी त्याच गावात दाखवा. कुणावर जंगलाच्या केसेस चालू असतात. चेहरा नको म्हणाले तर काढायचाच.