फिनलंडच्या पहिल्या कथापटातला नट कोण होता आणि त्याचं पुढे काय झालं?

टेउवो पुरो (1884–1956). मूळचा रंगभूमीवरचा माणूस. 1907 मध्ये, फिनलंड अजून रशियन साम्राज्यात असताना, त्याने लुई स्पारे या चित्रकारासोबत 'सालाविनानपोल्तायात' दिग्दर्शित केला आणि त्यात कामही केलं. विषय काय, तर हातभट्टीवाले! रानात दारू गाळणं चाललंय, गिऱ्हाईक येतं, पत्त्यांचा डाव रंगतो, मारामारी जुंपते आणि तेवढ्यात कायदा दारात. हा फिनलंडचा पहिला कथापट. दुर्दैवाने त्याची एकही प्रत उरलेली नाही.

मिन्ना कांथ या नाटककर्तीवर पुरोचा भारी जीव असावा. तिच्या 'सिल्वी'वर त्याने 1913 मध्ये चित्रपट केला, 1922 मध्ये 'आन्ना-लीसा'वर. मधल्या काळात, 1919 साली, एर्की कारू वगैरेंसोबत त्याने कंपनी काढली. तीच पुढे 'सुओमी-फिल्मी' म्हणून गाजली.

माझ्या मते नट म्हणून त्याचं मोल मोजायला पडद्यावरचा पुरावा फार तोकडा आहे. त्याचं नाव राहिलं ते दिग्दर्शक म्हणूनच. 1927 चा त्याचा 'नोइदान किरोत' फिनलंडच्या सुरुवातीच्या भयपटांत गणला जातो. मूकपटांची आवड असेल तर तो जरूर शोधा.