तेच तेच दृश्य पुन्हा पुन्हा दाखवणाऱ्या प्रायोगिक लघुपटात बघायचं तरी काय?

तुमचा वैताग मला ठाऊक आहे. असा पहिला लघुपट मी चौथ्या फेरीलाच बंद केला होता. पुढे झ्बिग्नेव रिबचिन्स्की या पोलिश दिग्दर्शकाचा ‘टँगो’ बघितला आणि माझं मत फिरलं. १९८० चा, जेमतेम आठ मिनिटांचा. १९८३ मध्ये त्याला अ‍ॅनिमेशन लघुपटाचं ऑस्कर मिळालं.

एक खोली. कॅमेरा जागचा हलत नाही. खिडकीतून चेंडू आत येतो, पाठोपाठ एक मुलगा चढून येतो, चेंडू उचलतो, निघून जातो. चेंडू परत आत. हे चालू असतानाच दुसरं कुणी येतं, मग तिसरं, आणि आपापली एवढीशी कृती घोळवत राहतं. होता होता ३६ पात्रं होतात, तरी कुणाचा कुणाला धक्का लागत नाही. एकमेकांना जागा दिली असती, तर ती सवय वाटली असती. इथे कुणी कुणाला बघतसुद्धा नाही. खोली एकच, काळ मात्र ज्याचा त्याचा. (संगणक नव्हता बरं का! एकेकाची आकृती वेगळी काढून फिल्मवर थरावर थर छापलेत.)

त्या गर्दीत मुलाकडे बघायचं मी कधी सोडलं, कळलंच नाही. तो मात्र येत होताच.

नंतर मी स्वतः एक खटाटोप केला. एक माणूस दाराला कुलूप लावतो आणि ओढून बघतो. तोच शॉट नऊ वेळा जोडला, दर फेरीला दोन फ्रेम कापत. सेकंदाला २४ फ्रेम धरल्या तर नवव्या फेरीत पाऊण सेकंदही कमी झाला नव्हता. कापाकापी एकाही मित्राला दिसली नाही, पण “तो घाबरत चाललाय का रे?” असं दोघांनी विचारलं. अभिनय तर एकदाच केलेला!

तेव्हा कथा शोधू नका. पहिल्यांदा एकाच माणसाचा पिच्छा पुरवा, दुसऱ्यांदा त्याला सोडून बाकीचं बघा. अर्थात दर पुनरावृत्तीमागे विचार असतोच असं नाही. मधल्या तीन फेऱ्या गाळून काहीच बिघडत नसेल, तर ती निव्वळ भरती आहे, खुशाल बंद करा.

‘टँगो’ मात्र पूर्ण बघा. शेवटी त्या चेंडूचं काय होतं, ते मी सांगणार नाही.