शॉर्टफिल्ममध्ये गेम आणि खरं जग मिक्स झालंय हे कमी खर्चात कसं दाखवायचं? (लोकेशन कोल्हापूर)

ग्राफिक्सच्या नादी लागू नको भावा. पॅट्रिक जाँची २०१० ची 'पिक्सेल्स' ही शॉर्टफिल्म बघ, अडीचेक मिनिटांची हाय, जुन्या आर्केड गेममधली कॅरेक्टरं न्यूयॉर्कवर तुटून पडतात, तिच्यावरनं २०१५ ला मोठा पिक्चर पण निघाला, पण मजा छोट्यातच जास्त. तसलं व्हीएफएक्स आपल्याला झेपणार नाही आणि गरज पण नाही. मूकपटांच्या काळात सिनेमे काढणाऱ्या बाबूराव पेंटरांनी ह्याच गावात स्वतः कॅमेरा बनवला, तुझ्याकडं तर मोबाईल हाय की.

कॅमेरा हिरोच्या पाठीमागं, खांद्याच्या जरा वर ठेव आणि महाद्वार रोडच्या गर्दीतनं चालव, लगेच थर्ड पर्सन गेम वाटतंय बघ. मग रंकाळ्यावरचा भेळवाला प्रत्येक वेळी तेच वाक्य त्याच सुरात बोलतोय, हिरो दुसऱ्यांदा गेला तरी तेच, तिसऱ्यांदा पण तेच, लोकं हसतात, आणि चौथ्यांदा जरा टरकायला होतं कारण आता माणूस कोण आणि एनपीसी (गेमच चालवतो ते, ठरलेलं बोलणारं कॅरेक्टर) कोण तेच कळंना.

आवाज तर फुकटच. नाणं मिळाल्याचा टिंग खऱ्या सीनमध्ये टाक, आणि गेमच्या सीनमध्ये कुकरची शिट्टी, गल्लीतलं कुत्रं.

कोपऱ्यातली हेल्थ बार (हिरोचा जीव किती उरलाय ते दाखवणारी पट्टी) सगळेच टाकतात, टाळच. टाकलीसच तर आईनं हाक मारल्यावर एक काडी कमी कर, विषय हार्ड.

आणि शेवटाला 'ते स्वप्न होतं' असलं काय करू नको बाबा.